लेखांक 6 : चार यार्डांच्या आत

मागच्या लेखांकात आपण चांदमारीच्या मैदानावर होतो. अंग तिरपं, एक हात सरळ पुढे, श्वास रोखलेला, नजर पिस्तुलाच्या साइटवर आणि घाई अजिबात नाही. पोलिसांनाही बराच काळ हेच शिकवलं जात असे. त्याला रोखठोक हरकत घेतली ती शांघायमधल्या एका ब्रिटिश अधिकाऱ्यानं.

विल्यम फेअरबेर्न 1907 साली शांघाय म्युनिसिपल पोलिसात दाखल झाला. (याच दलात फेटेवाले शीख शिपाईही होते.) शहरात अफूच्या टोळ्या, अपहरणं, दरोडे यांचा सुळसुळाट होता. फेअरबेर्न आणि त्याचा सहकारी एरिक साइक्स यांचं पिस्तूल चालवण्यावरचं पुस्तक 1942 मध्ये निघालं. त्यामागे साडेबारा वर्षांतल्या 666 सशस्त्र चकमकींचा अनुभव आहे. त्यातलं निरीक्षण असं, की बहुतेक गोळीबार चार यार्डांच्या आत होतो. म्हणजे साधारण साडेतीन मीटर, आपल्या फ्लॅटमधल्या हॉलएवढं अंतर. त्यात उजेड अपुरा, आणि साइट जुळवत बसायला कुणी वेळ देत नाही.

अशा वेळी माणूस गुडघ्यात वाकतो, मूठ गच्च आवळतो आणि त्याचे डोळे समोरच्यावरून हटत नाहीत. चांदमारीचा उस्ताद या सगळ्याला चुका म्हणेल. फेअरबेर्ननं त्या सुधारण्याच्या भानगडीत न पडता त्यांच्यावरच आपलं तंत्र उभं केलं. मला त्याची खरी हुशारी इथे दिसते.

दोन्ही डोळे उघडे ठेवून समोरच्या दाराच्या कडीकडे झटकन बोट दाखवा. बोटाकडे न बघताही ते बऱ्यापैकी बरोबर जातं. फेअरबेर्नच्या तंत्राची सगळी भिस्त यावरच. छाती लक्ष्यासमोर, पिस्तूल शरीराच्या मध्यरेषेत, आणि हात खालून वर सरळ उभ्या रेषेत यायचा. चाप एका बोटानं हलकेच नव्हे, सगळी मूठ आवळून दाबायचा. गोळ्या जोडीनं झाडायच्या. सरावासाठी अंधाऱ्या खोल्या आणि अचानक पुढ्यात येणारे पुतळे असलेलं एक घरच केलेलं होतं. स्थिर पाटीवर भोकं पाडून माणूस चकमकीसाठी तयार होत नाही, एवढं त्याला कळलेलं असावं.

सेफ्टी कॅचवर तर त्याचा विश्वासच नव्हता. ऐन वेळी ती लावलीय की काढलीय हे आठवत नाही, म्हणून पिस्तुलाची सेफ्टी कायमची निकामी करून ठेवत. मॅगझिन भरलेलं, पण चेंबर रिकामं. पिस्तूल काढतानाच दुसऱ्या हातानं स्लाइड ओढून गोळी चेंबरमध्ये आणायची. यात दुसरा हात मोकळा हवा, ही अडचण उघड आहे. तो जखमी असेल किंवा त्यानं कुणाची कॉलर धरलेली असेल, तर काय?

1940 मध्ये फेअरबेर्न ब्रिटनला परतला आणि कमांडोंना हेच शिकवू लागला. मात्र अंतर वाढलं की या पद्धतीचा भरवसा उरत नाही. लांबच्या लक्ष्यासाठी साइट वापराव्यात, हे त्या दोघांनीही मान्य केलं होतं. जवळ आणि लांब यांच्या मधल्या अंतरांचा प्रश्न पुढे कॅलिफोर्नियात ऐरणीवर आला. 1950च्या दशकाच्या अखेरीस जॅक वीव्हर नावाचा एक डेप्युटी शेरिफ स्पर्धांमध्ये पिस्तूल दोन्ही हातांत धरून डोळ्यांच्या पातळीवर आणू लागला आणि कंबरेजवळून झटपट गोळी झाडणाऱ्यांना हरवू लागला. त्याची उभं राहण्याची ढब पुढच्या आठवड्यात.