कुसानागी ते कोराकुएन

मात्सुतारो शोरिकी यांची पोलिसातली नोकरी गेली नसती, तर जपानमध्ये व्यावसायिक बेसबॉल कधी उभा राहिला असता कोण जाणे. 27 डिसेंबर 1923 रोजी टोकिओत युवराज हिरोहितो यांच्या मोटारीवर एका तरुणाने गोळी झाडली. युवराज बचावले, पण बंदोबस्ताची जबाबदारी शोरिकींवर होती आणि काही दिवसांतच ते बडतर्फ झाले. तोयामा प्रांतातून आलेला, टोकिओच्या शाही विद्यापीठात कायदा शिकलेला, ज्युदोत तरबेज असा हा अडतीस वर्षांचा अधिकारी एकदम घरी बसला.

दोनच महिन्यांत त्यांनी ‘योमिउरी शिंबुन’ हे डबघाईला आलेलं वर्तमानपत्र ताब्यात घेतलं. त्यासाठी लागणारे एक लाख येन ज्येष्ठ राजकारणी गोतो शिंपेई यांनी दिले. ते गोतोंनी स्वतःची मालमत्ता गहाण टाकून उभे केले होते, हे शोरिकींना कळलं ते गोतो गेल्यानंतर. हे ऋण शोरिकी विसरले नाहीत. गोतोंच्या गावी, मिझुसावात, त्यांनी पुढे त्यांच्या नावाचं सार्वजनिक सभागृह उभं करून दिलं.

पेपर हाती आला, पण समोर ‘असाही’ आणि ‘माइनिची’ हे दोन बलाढ्य प्रतिस्पर्धी होते. शालेय बेसबॉलच्या स्पर्धाही त्यांच्याच. उन्हाळी स्पर्धा ‘असाही’ने 1915 पासून भरवलेली, वसंतातली ‘माइनिची’ने 1924 पासून. सुमो हा जपानचा मानाचा जुना खेळ खरा, पण 1872 च्या सुमारास होरेस विल्सन या अमेरिकी शिक्षकाने टोकिओत शिकवलेल्या बेसबॉलने शाळा-कॉलेजातल्या पोरांना वेड लावलं होतं. आपल्याकडे क्रिकेटचं जे झालं, तेच.

शोरिकींची रीत अशी, की बातमी घडण्याची वाट पाहायची नाही, ती घडवायची. 1926 मध्ये त्यांनी ‘गो’ या पटावरच्या खेळातल्या दोन वैरी संस्थांना समोरासमोर बसवलं आणि डाव पेपरात छापले. लोक रोज सकाळी पुढची चाल बघायला पेपर घेऊ लागले. हाच हिशोब बेसबॉलला लावून 1931 मध्ये त्यांनी लू गेरिग, लेफ्टी ग्रोव्ह अशा अमेरिकी खेळाडूंचा संघ जपानला आणला. पुढच्याच वर्षी सरकारने विद्यार्थ्यांनी व्यावसायिक संघांशी खेळू नये असा हुकूम काढला. आता पाहुण्यांशी खेळणार कोण? म्हणून 1934 मध्ये अमेरिकी बेसबॉलचे तारे बेब रूथ यायचे ठरले, तेव्हा शोरिकींना स्वतःचाच संघ जमवावा लागला. जपानी व्यावसायिक बेसबॉलचं मूळ त्या अडचणीत आहे.

रूथ आले, तेव्हा टोकिओतल्या गिंझाचा रस्ता माणसांनी इतका दाटला की मोटारींना वाट मिळेना. अमेरिकी संघाने जपानी संघाविरुद्धचे सगळे सामने जिंकले. रूथ यांनी एकट्याने 13 होमरन मारले. खरं तर इतक्या पराभवांनंतर या दौऱ्यातलं जपानच्या लक्षात राहावं असं काही उरायला नको होतं. पण 20 नोव्हेंबरला शिझुओकाच्या कुसानागी मैदानात जे झालं, ते जपान आजही विसरलेला नाही.

चेंडू टाकायला उभा होता एइजी सावामुरा. वय 17. क्योतोच्या व्यापारी शाळेतला मुलगा, या संघासाठी शाळा सोडून आलेला. फेकताना तो डावा पाय उंच, जवळजवळ चेहऱ्यापर्यंत उचलायचा आणि मग चेंडू असा यायचा की बॅट फिरेपर्यंत मागच्या हातमोज्यात जाऊन बसलेला असायचा. गेरिंजर बाद. रूथ बाद. गेरिग बाद. जिमी फॉक्सही बाद. त्या काळातले जगातले चार मोठे बॅटर ओळीने, तीन-तीन स्ट्राइक खाऊन परतले. दुपारचं ऊन बॅटरच्या डोळ्यांवर येत होतं, असंही सांगितलं जातं. असेल. पण ऊन दोन्ही बाजूंच्या डोळ्यांवर होतं. सातव्या डावात गेरिगने एक होमरन मारला आणि जपान 1-0 ने हरला. मला हा हरलेला सामना शोरिकींच्या आयुष्याचा मध्यबिंदू वाटतो. आपण बरोबरीने उभे राहू शकतो, हे त्या दिवशी देशाने पाहिलं; आणि ते पाहण्याची सोय एका वर्तमानपत्राच्या मालकाने केली होती.

26 डिसेंबर 1934 रोजी त्याच संघाचा रीतसर क्लब झाला. पुढे अमेरिका दौऱ्यात त्याला ‘टोकिओ जायंट्स’ हे नाव मिळालं. संघ अमेरिकेच्या वाटेवर असतानाच, फेब्रुवारी 1935 मध्ये, ‘योमिउरी’च्या दारातच एका कडव्या राष्ट्रवाद्याने शोरिकींवर तलवारीने वार केला. सम्राट मेइजींच्या नावाच्या मैदानावर परदेशी खेळाडूंना खेळवून ते अपवित्र केलं, हे त्याने दिलेल्या कारणांपैकी एक. जखम खोल होती, ते कित्येक दिवस इस्पितळात होते. पण बेत मागे घेतला नाही. 1936 मध्ये सात संघांची लीग सुरू झाली. एकाच संघाने लीग चालत नाही, हे त्यांना ठाऊक होतं. हान्शिन रेल्वे कंपनीचा ओसाका टायगर्स संघ समोर उभा राहिला, तेव्हाच लोकांना आपापली बाजू मिळाली.

इथवरची गोष्ट सांगताना मन भरून येतं. पण मागोवा घ्यायचा तर सगळा घ्यायला हवा. 1923 च्या टोकिओतल्या मोठ्या भूकंपानंतर कोरियन लोकांविषयी अफवा पसरल्या आणि हजारो निरपराधांची कत्तल झाली; तेव्हा शोरिकी टोकिओ पोलिसांत वरच्या जागेवर होते. त्या अफवा खोट्या होत्या आणि पोलिस त्यांना बळी पडले, ही कबुली त्यांनी 1944 मध्ये एका भाषणात दिली. युद्धाच्या काळात ‘योमिउरी’ने सरकारची तळी उचलली, खप वाढवला. आणि सावामुरा? त्याला सैन्यात बोलावणं आलं. हातगोळे फेकून फेकून खांदा गेला. तरी सैन्यातून परतला की तो पुन्हा जायंट्ससाठी उभा राहायचा. 2 डिसेंबर 1944 रोजी त्याचं सैनिकी जहाज अमेरिकी पाणबुडीने बुडवलं. तो 27 वर्षांचा होता. ज्या पेपराने त्याला घराघरात पोचवलं, तोच पेपर त्या युद्धाची भलामण करत होता. खेळावरचं शोरिकींचं प्रेम मी नाकारत नाही, पण या दोषातून त्यांना सोडवताही येत नाही.

युद्ध संपल्यावर युद्धगुन्ह्यांचे संशयित म्हणून ते सुगामो तुरुंगात गेले आणि 1947 मध्ये खटल्याविना सुटले. मग जुनीच रीत, नवं यंत्र. 1953 च्या ऑगस्टमध्ये त्यांचं ‘निप्पॉन टेलिव्हिजन’ हे देशातलं पहिलं खाजगी दूरचित्रवाणी केंद्र सुरू झालं. घरी संच घेण्याची ऐपत फार थोड्यांची. शोरिकींनी स्टेशनांबाहेर, चौकांत, देवळांच्या आवारात मोठे संच बसवले. शिंबाशी स्टेशनसमोर संध्याकाळी हजारो माणसं मान उंचावून जायंट्सचा सामना बघत उभी राहायची. जाहिरातदारांना शोरिकी संच मोजायला नव्हे, ही डोकी मोजायला सांगत. धंदेवाईक अक्कल होती ती, पण उपाशी-थकल्या शहराला तिने फुकटात आनंदही दिला. राजकारण, मंत्रिपद, अणुऊर्जा आयोगाचं पहिलं अध्यक्षपद हे सगळं पुढे झालं. त्याचा हिशोब वेगळा मांडावा लागेल.

25 जून 1959 च्या रात्री टोकिओच्या कोराकुएन मैदानात सम्राट व्यावसायिक बेसबॉलचा सामना प्रथमच बघायला आले. हे तेच हिरोहितो, ज्यांच्यावरच्या गोळीने शोरिकींची नोकरी गेली होती. जायंट्स विरुद्ध टायगर्स, नवव्या डावात बरोबरी. सम्राटांची निघायची वेळ होत आली होती. जायंट्सच्या शिगेओ नागाशिमाने टायगर्सच्या मुरायामाच्या चेंडूवर होमरन मारला आणि जायंट्स 5-4 ने जिंकले. त्या एका फटक्यानंतर व्यावसायिक बेसबॉलकडे कुणी पोटार्थी लोकांचा तमाशा म्हणून पाहिलं नाही.

त्याच वर्षी टोकिओत बेसबॉलच्या मानकऱ्यांचं दालन सुरू झालं. पहिल्या यादीत मात्सुतारो शोरिकी यांचं नाव होतं, आणि एइजी सावामुराचंही. शोरिकी 9 ऑक्टोबर 1969 रोजी वारले, तेव्हा जायंट्स ओळीने नऊ अजिंक्यपदांच्या मधल्या वाटेवर होते. कुसानागीच्या मैदानाबाहेर आज दोन पुतळे आहेत. एक रूथचा, एक पाय उंच उचललेल्या सावामुराचा.