रेस्तावेक : ‘जवळ राहणे’ या शब्दाआड दडलेले बालपण

फ्रेंच भाषेत ‘रेस्ते आवेक’ म्हणजे कुणाजवळ राहणे. या दोन निरुपद्रवी शब्दांचा सांधा जुळून कॅरिबियन समुद्रातील हैती या देशात ‘रेस्तावेक’ हा एकच शब्द तयार झाला. व्युत्पत्तीप्रमाणे त्याचा अर्थ ‘जवळ राहणारा’ एवढाच व्हायला हवा. प्रत्यक्षात तो शब्द ऐकणाऱ्या हैतीयन माणसाच्या डोळ्यांपुढे उभे राहते ते परक्या घरी ठेवलेले मूल: डोक्यावर पाण्याची बादली, अंगावर दुसऱ्याचे उतरलेले कपडे, घरातले सगळे उठण्यापूर्वी सुरू होणारा आणि सगळे निजल्यावर संपणारा दिवस. या कामाचे त्याला वेतन मिळत नाही, कारण नावाप्रमाणे ते मूल तिथे कामाला नसतेच. ते तिथे केवळ ‘राहत’ असते.

हा शब्द दोन तऱ्हांनी लिहिला जातो. फ्रेंच वळणाने लिहिणारे त्याच्या शेवटी ‘सी’ हे अक्षर ठेवतात. हैतीच्या स्वतःच्या क्रेयोल भाषेत तेथे ‘के’ येते. क्रेयोलचा शब्दसंग्रह बहुतांशी फ्रेंचमधून आलेला असला तरी तिचे व्याकरण स्वतंत्र आहे, आणि हैतीतील जवळजवळ प्रत्येक माणूस तीच भाषा बोलतो. तरीही १९८७ च्या राज्यघटनेपर्यंत तिला फ्रेंचच्या बरोबरीने राजभाषेचा दर्जा नव्हता. जी भाषा घरात सर्वांची आणि कचेरीत कुणाचीच नव्हती, त्या भाषेतला हा शब्द आहे. त्यामुळे तो कागदोपत्री उशिरा आला आणि लोकांच्या जिभेवर मात्र फार आधीपासून होता.

या व्यवस्थेचे मूळ डोंगराळ खेड्यांतील दारिद्र्यात आहे. शेताचे तुकडे पडत गेलेले, मातीची धूप झालेली, जवळपास शाळा नाही आणि असली तर फी परवडत नाही. हैतीतील बहुसंख्य शाळा खासगी आहेत, ही बाब येथे लक्षात ठेवायला हवी. अशा घरातील आई किंवा बाप सहा-आठ वर्षांच्या मुलाला शहरातील ओळखीच्या, दूरच्या नात्यातल्या, कधी पूर्ण अनोळखी कुटुंबाच्या हवाली करतो. मुलाने घरकामाला हात लावावा आणि त्या बदल्यात त्या कुटुंबाने त्याला अन्न, निवारा व शाळा द्यावी, असा तोंडी करार असतो. कधी मध्ये ‘कुतचे’ नावाचा दलालही असतो. ‘लेकरे हीच गरिबाची संपत्ती’ अशी एक म्हण हैतीत आहे. ती सांगणाऱ्या आईच्या मनात मूल विकण्याचा विचार नसतो. आपल्याला जे देता येत नाही ते दुसरे कुणी देईल, ही आशा असते. करारातील पहिला भाग दुसऱ्या दिवसापासून अमलात येतो. दुसरा भाग बहुधा राहून जातो.

मग त्या मुलाचा दिवस कसा असतो? सार्वजनिक नळावरून किंवा विहिरीवरून पाणी आणणे, कोळशाची चूल पेटवणे, रात्रीची मूत्रपात्रे रिकामी करणे, अंगण झाडणे, बाजार करणे, कपडे धुणे. घरच्या मुलांना तयार करून शाळेत पोचवायचे आणि दप्तरे घेऊन परत आणायचे, हेही त्याच्याच वाट्याला येते. ही घरची मुले पुष्कळदा त्याच्याच वयाची असतात. त्याला शाळेत घातलेच तर दुपारच्या स्वस्त वर्गात, सकाळची कामे आटोपल्यावर. जेवण शेवटी आणि वेगळे. झोपणे स्वयंपाकघराच्या फरशीवर, चिंध्यांवर. चुकीला चामड्याचा चाबूक. परक्या मुलाविषयीची आणखी एक हैतीयन म्हण आहे: दुसऱ्याचे लेकरू एका बाजूने धुवावे, दुसरी बाजू तशीच सोडावी.

मात्र दुसऱ्याच्या घरी वाढणारे प्रत्येक हैतीयन मूल रेस्तावेक नसते, आणि येथेच या शब्दाचा अर्थ बारकाईने पाहावा लागतो. काकाकडे, आजीकडे, धर्ममातेकडे मूल ठेवण्याची तेथे जुनी रीत आहे. शिक्षणासाठी नातलगाच्या घरी राहिलेली, पडेल ते काम करून शिकलेली मुले महाराष्ट्राच्याही मागच्या कित्येक पिढ्यांत होती. त्यांना कुणी गुलाम म्हटले नाही. हैतीमध्येही अशा मुलासाठी वेगळा शब्दप्रयोग आहे: ‘तिमून की रेते आक मून’, म्हणजे लोकांपाशी राहणारे मूल. गंमत अशी की यातही क्रियापद तेच ‘राहणे’ आहे. पण हे वाक्य सौम्य आहे आणि ‘रेस्तावेक’ ही शिवी आहे. ज्या घरात असे मूल असते त्या घरातील माणसे त्याचा उल्लेख रेस्तावेक म्हणून सहसा करीत नाहीत. ती म्हणतात, ‘आमच्याकडे राहतो तो.’ शेजाऱ्याच्या घरातले तसलेच मूल मात्र बेधडक रेस्तावेक ठरते. १९८०-९० नंतर समाजसेवी संस्थांनी हळूहळू ‘घरकामातील मूल’ असा तटस्थ प्रयोग पसंत केला, तोही याच कारणाने.

शिवी म्हणून हा शब्द मुलांपुरता उरलेला नाही. लाचार, दुसऱ्याच्या तुकड्यावर जगणारा, स्वतःचे मत नसलेला अशा प्रौढ माणसालाही हैतीत रेस्तावेक म्हणून हिणवतात. परकीय सत्तेपुढे वाकणाऱ्या पुढाऱ्यालाही हीच उपाधी बहाल होते. जो शब्द मुळात एका मुलाची परिस्थिती सांगत होता, तो त्याचा स्वभाव सांगू लागला; आणि एकदा स्वभाव ठरला की त्या परिस्थितीबद्दल जाब कुणाला विचारायचा हा प्रश्नच उरत नाही. मुलींच्या बाबतीत तर याहून हिडीस शब्द आहे. ‘ला पू सा’, म्हणजे ‘त्यासाठीच आहे’. घरातल्या तरुण मुलांनी जिच्याशी वाटेल तसे वागावे अशी मुलगी, हा त्याचा अर्थ. अशी मुलगी गरोदर राहिली तर तिला घराबाहेर काढले जाते. तिला परत माहेरच्या खेड्याची वाटही पुष्कळदा आठवत नसते, कारण ती तेथून निघाली तेव्हा फार लहान होती.

हैतीयन समाजाने याकडे डोळेझाक केली असे म्हणणे अन्यायाचे होईल. मॉरिस सिक्स्तो (१९१९-१९८४) हे क्रेयोलमधील अतिशय लोकप्रिय कथाकथनकार. त्यांच्या कथा ध्वनिमुद्रिकांवरून घरोघरी पोचल्या. त्यांतील ‘ती सेंतानिझ’ ही कथा अशाच एका चिमुरड्या मोलकरणीची आहे, आणि तिचे नाव हैतीत अशा मुलींचे जणू सामान्यनाम होऊन बसले. पोर्ट-ओ-प्रिन्सला लागून असलेल्या कार्फूर येथे या मुलांसाठी चालवलेल्या केंद्रालाही सिक्स्तो यांचेच नाव दिलेले आहे. पुढे १९९८ मध्ये जाँ-रोबेर कादे यांचे इंग्रजी आत्मकथन अमेरिकेत प्रसिद्ध झाले. कादे स्वतः रेस्तावेक होते. ज्या कुटुंबाने त्यांना वाढवले ते अमेरिकेत गेले तेव्हा तेही तेथे पोचले, शिकले, सैन्यात गेले आणि शिक्षक झाले. पुस्तकाच्या नावातच त्यांनी ‘रेस्तावेक’ हा शब्द ठेवला. जो शब्द ऐकून आयुष्यभर मान खाली घालावी अशी अपेक्षा असते, तोच मुखपृष्ठावर आला, आणि इंग्रजी वाचकांत तो रूढ होण्यात या पुस्तकाचा वाटा मोठा आहे.

कायद्याच्या भाषेत या मुलांचे काय झाले, ती कथा अधिक विचित्र आहे. १९८४ च्या हैतीच्या कामगार संहितेत ‘सेवेत असलेली मुले’ असे एक स्वतंत्र प्रकरण होते. बारा वर्षांखालील मूल ठेवू नये, समाजकल्याण संस्थेचा परवाना घ्यावा, मुलाला घरच्यासारखे वागवावे, शाळेत पाठवावे, अशा अटी त्यात होत्या. मूल पंधरा वर्षांचे झाले की त्याला पगार देणे बंधनकारक होते. हेतू चांगला होता. परिणाम असा झाला की पंधरावे वर्ष जवळ आले की अनेक घरे त्या मुलाला रस्त्यावर सोडून त्याच्या जागी लहान मूल आणू लागली. फुकट राबणारे मूल मिळत असताना पगार कोण देणार? २००३ मध्ये मुलांवरील अत्याचारांविरुद्ध कायदा झाला आणि ते प्रकरणच रद्द करण्यात आले. परंतु मदत आणि बांधिलकीच्या नात्याने मूल दुसऱ्या कुटुंबाकडे सोपवण्याची मुभा नव्या कायद्यानेही ठेवली, आणि गैरवागणुकीबद्दल ठोस शिक्षा सांगितली नाही, अशी टीका त्यावर झाली. म्हणजे पूर्वी कायदा त्या मुलाला नोकर म्हणून ओळखत होता आणि निदान एका वयानंतर त्याचा पगाराचा हक्क मानत होता. नंतर तो त्याला पाहुणा म्हणून ओळखू लागला. २०१४ च्या मानवी तस्करीविरोधी कायद्याने गुन्हा आणि शिक्षा यांची स्पष्ट भाषा आणली. तोवर किती मुलांचे बालपण सरले, याची नोंद अर्थातच कुठे नाही.

किती मुले, हा प्रश्नही शब्दाशीच येऊन अडतो. तीन लाख हा आकडा आंतरराष्ट्रीय संस्थांच्या लेखनात वर्षानुवर्षे फिरत आहे. २००९ मध्ये पॅन अमेरिकन डेव्हलपमेंट फाउंडेशनने शहरांतील घरोघरी केलेल्या पाहणीवरून सव्वादोन लाखांचा अंदाज दिला आणि त्यांत दोन तृतीयांश मुली असल्याचे सांगितले. पाहणीत एक रूढ समज मात्र मोडीत निघाला. ही मुले श्रीमंतांच्या बंगल्यांत असतात असे मानले जाई. पण श्रीमंत घरे आता पगारी मोलकरीण ठेवतात. रेस्तावेक आढळतात ते झोपडपट्टीत, जेथे नळ नाही, वीज नाही, आणि बाई दिवसभर बाजारात विक्रीला बसलेली असते. पाणी कुणीतरी आणलेच पाहिजे. स्वतःचे मूल दुसऱ्याकडे पाठवून दुसऱ्याचे मूल कामाला आणणारी घरेही त्या पाहणीत सापडली.

जून २००९ मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या गुलामगिरीविषयक विशेष प्रतिनिधी गुलनारा शाहिनियान यांनी हैतीला भेट दिली आणि या व्यवस्थेला आधुनिक गुलामगिरी म्हटले. हे शब्द हैतीला झोंबणारे होते. १७९१ मध्ये गुलामांनी उठाव केला, नेपोलियनच्या सैन्याला हरवले आणि १ जानेवारी १८०४ रोजी स्वतःचे राष्ट्र स्थापन केले, हा या देशाचा जन्मवृत्तांत आहे. आणि त्या स्वातंत्र्याची किंमत म्हणून १८२५ मध्ये फ्रान्सने त्याच्यावर पंधरा कोटी फ्रँकची खंडणी लादली. अशा देशाला गुलामगिरीचे नाव घेऊन बोल लावणे कितपत न्याय्य, असा प्रश्न तेथील काही विचारवंत करतात. हैतीत काम केलेल्या काही मानववंशशास्त्रज्ञांचाही आक्षेप आहे की सरसकट ‘गुलाम’ म्हटल्याने नात्यागोत्यात नीट वाढणारी मुलेही त्या आकड्यात ओढली जातात. आक्षेपात तथ्य आहे. पण १९५६ च्या गुलामगिरीविषयक पूरक करारात, अठरा वर्षांखालील मूल राबवून घेण्याच्या हेतूने आईबापांनी दुसऱ्याच्या हवाली करणे, मोबदला घेऊन वा न घेता, हे गुलामगिरीसदृश प्रथांत नाव घेऊन गणलेले आहे. तेथे मूल कुठे राहते हा निकष नाही. त्याच्याकडून काय करून घेतले जाते हा आहे.

सौम्य शब्दाआड कष्ट दडवण्याची ही युक्ती एकट्या हैतीची नव्हे. पश्चिम आफ्रिकेतील बेनिनमध्ये अशा मुलांना ‘विदोमेगोन’ म्हणतात. फोन भाषेत त्याचा अर्थ ‘कुणापाशी ठेवलेले मूल’. गोव्यातील जुन्या घरांत ‘पोसको’ आणि ‘पोसकी’ असत. पोसणे हेच त्यामागचे क्रियापद, आणि ते मराठीला अनोळखी नाही. गरिबाघरचे किंवा अनाथ मूल घरात वाढे, घराचे नाव कधी मिळे, कधी नाही. वारसा बहुधा नसे, काम मात्र असे. वेंडेल रॉड्रिक्स यांनी २०१७ मध्ये या विषयावर ‘पोस्कें’ ही इंग्रजी कादंबरी लिहिली तेव्हा अनेक गोमंतकीय घरांत जुनी नावे पुन्हा निघाली. भारतात चौदा वर्षांखालील मुलांना घरकामाला ठेवण्यास १० ऑक्टोबर २००६ पासून बंदी आहे. ‘गावाकडची आहे, आमच्याकडे शिकायला राहते’ हे वाक्य मात्र आजही कानावर पडते.

हैतीत सध्या टोळीयुद्धाने राजधानीचा मोठा भाग गिळला आहे. २०२५ च्या आरंभी देशात दहा लाखांहून अधिक लोक विस्थापित झाल्याची नोंद आंतरराष्ट्रीय स्थलांतर संघटनेने केली. त्यांतले बहुसंख्य छावण्यांत नाहीत; ते ग्रामीण प्रांतांत नातलगांच्या, ओळखीच्यांच्या, कधी अनोळखी कुटुंबांच्या आसऱ्याला आहेत. क्रेयोलमध्ये त्यांच्या स्थितीला तेच म्हणावे लागते: लोकांपाशी राहणे. पूर्वी मूल डोंगरातून शहराकडे येत असे. आता शहरातून डोंगराकडे जाणाऱ्या लोंढ्यांत आईबापांपासून ताटातूट झालेली मुलेही आहेत. त्यांतले कोण त्या घरात मूल म्हणून जेवते आणि कोण पाणी भरून झाल्यावर उरलेले खाते, हे विस्थापितांच्या यादीत लिहिलेले नसते.