डांबरी पन्हळी पत्रे कापणे

डांबरी पन्हळी पत्रे कापणे म्हणजे पडवी, गोठा, लाकडांची खोपी किंवा वाहनाचा आडोसा अशा लहान छपरांसाठी बिटुमेनयुक्त पत्रे जागेच्या मापाने लहान करणे होय. हे पत्रे हलके असून साध्या हातकरवतीने कापता येतात. त्यामुळे घरमालकास हे काम स्वतः करता येते.

स्वरूप

सेल्युलोजचे तंतू, बहुधा रद्दी कागदापासून मिळवलेले, पन्हळीच्या आकारात घडवून ते तप्त बिटुमेनमध्ये मुरवले की हा पत्रा तयार होतो. मराठीत ‘डांबर’ हा शब्द दगडी कोळशापासून निघणाऱ्या द्रव्यास आणि खनिज तेलाच्या शुद्धीकरणात मागे उरणाऱ्या बिटुमेनला सरसकट लावला जातो. येथे दुसरा अर्थ अभिप्रेत आहे. फ्रान्समधील ऑन्ड्युलिन कंपनीचा प्रचलित पत्रा २ मीटर लांब, ९५ सेंटिमीटर रुंद व सुमारे ३ मिलिमीटर जाड असून त्यास १० पन्हळी असतात.

कापण्यापूर्वी ओळख

जुन्या छपरावरील प्रत्येक पन्हळी पत्रा डांबरी नसतो. भारतात ॲस्बेस्टॉस-सिमेंटचे पत्रे दीर्घकाळ वापरात आहेत आणि रंग दिला असल्यास दुरून फरक कळत नाही. डांबरी पत्रा हाताने किंचित वाकतो, त्याची तुटकी कड पुठ्ठ्यासारखी तंतुमय व काळसर दिसते. सिमेंटचा पत्रा जड, ताठ व ठिसूळ असतो. ॲस्बेस्टॉसचा पत्रा करवतीने कापल्यास डोळ्यांना न दिसणारे तंतू हवेत पसरतात. ते फुप्फुसात गेल्यास ॲस्बेस्टॉसिस, तसेच मेसोथेलिओमा हा कर्करोग होऊ शकतो, आणि ही लक्षणे अनेक वर्षांनंतर प्रकट होतात. म्हणून शंका असल्यास पत्र्यास करवत लावू नये.

माप

वळचणीपासून आढ्यापर्यंत पाख्याची लांबी मोजून तीत वळचणीबाहेर येणारे ५ ते ७ सेंटिमीटर मिळवावेत. ही एकूण लांबी ३.४ मीटर आहे असे मानू. दोन मीटरचे दोन पत्रे २० सेंटिमीटर एकमेकांवर चढवले तर ३.८ मीटर भरतात. अर्थात वरच्या ओळीतील पत्र्याचे ४० सेंटिमीटर कापावे लागतील. कापलेली कड आढ्याकडे ठेवावी, म्हणजे ती आढ्याच्या झाकणीखाली जाते. रुंदीत मात्र मोजपट्टीपेक्षा पन्हळी मोजणे अधिक भरवशाचे, कारण पत्रा थोडा ताणला वा दाबला जातो. दुसरी ओळ अर्ध्या पत्र्याने सुरू करतात. तसे न केल्यास चार पत्र्यांचे कोपरे एकाच जागी येऊन तेथे जाड गठ्ठा होतो व फटीतून पाणी शिरते.

रीत

पत्रा छपरावर नव्हे, जमिनीवर दोन-तीन फळ्यांच्या आधाराने ठेवून कापावा. आडवी रेघ गुण्या व खडूने आखावी. आडव्या कापासाठी मोठ्या दात्यांची करवत घेऊन तिच्या पात्यास तेलाचा हात फिरवावा, अन्यथा घर्षणाने मऊ झालेले बिटुमेन दात्यांत भरते आणि करवत अडते. अडलेली करवत जोराने ओढल्यास पत्रा फाटतो. ती बाहेर काढून पुसावी, पुन्हा तेल लावावे. पन्हळीच्या दिशेने उभा काप घेताना धारदार सुरी पुरते: आधी हलकी खूण, मग त्याच खाचेतून दोन-तीन वेळा सुरी. चकतीचे ग्राइंडर टाळावे. त्याच्या उष्णतेने कड वितळते आणि बिटुमेन ज्वलनशील आहे.

उन्हाने तापलेला पत्रा लिबलिबीत होतो व काप वाकडा जातो. मराठवाडा-विदर्भाच्या उन्हाळ्यात हे काम सकाळीच उरकणे इष्ट. उलट कडाक्याच्या थंडीत पत्रा ठिसूळ होऊन कडेने तडकू शकतो.

कापलेला पत्रा बसवताना खिळे पन्हळीच्या उंचवट्यावर मारतात, खोलगट भागात नव्हे, कारण पाणी तेथूनच वाहते. पत्र्यांवर थेट पाय देऊ नये. रिपांवर आडवी फळी टाकून तिच्यावरून वावरावे.