मातींतून गादीवर

कुस्तीचा फड म्हणजे काय, हें कुरवंड्याच्या बालवाचकांस सांगावयास नको. तांबड्या मातींतील एक मल्ल ऑलिंपिकच्या गादीवर कसा यशस्वी झाला, तें आम्ही येथें थोडक्यांत सांगतों.

खाशाबा दादासाहेब जाधव यांचा जन्म कऱ्हाडजवळील गोळेश्वर येथें १९२६ सालीं झाला. १९४८ सालीं लंडन येथें ते सहावे आले. मातींत पाय रोवून सावकाश खेळतां येतें. गादीवर चपळाई हवी, आणि प्रतिस्पर्धी चीत न झाला तरी ठरल्या वेळांत पंच निकाल देतात. ही नवी रीत खाशाबांनीं कष्टानें आत्मसात केली.

परंतु हेलसिंकीस जाण्यास पैसा नव्हता. तेव्हां कोल्हापूरच्या राजाराम महाविद्यालयाचे प्राचार्य खर्डेकर यांनीं स्वतःचें घर गहाण ठेवून ७,००० रुपये दिले. इतरांनींहि वर्गणी केली. १९५२ सालीं तेथें खाशाबांनीं कांस्यपदक मिळविलें. स्वतंत्र भारताचें तें पहिलें वैयक्तिक ऑलिंपिक पदक होय.

१९८४ सालीं अपघातांत त्यांचें निधन झालें. अर्जुन पुरस्कार त्यांस मरणोत्तर मिळाला. गौरव मागाहूनहि होतो, मदत मात्र वेळेवरच व्हावी लागते. आपल्या गांवचा एखादा मुलगा असा पुढें येऊं पाहील, तर पालकांनीं हें स्मरावें, अशी आमची विनंती आहे.