राजेसाहेब बाजूला झाले

नागपूर म्हटले की तुम्हाला संत्री आठवतात. पण भारताच्या पहिल्या कसोटी संघाचा कर्णधारही इथलाच, हे मुलांना अवश्य सांगा. सी. के. नायडू यांचा जन्म नागपुरात १८९५ साली झाला. खेळावर तेव्हा पोट भरत नसे. १९२३ मध्ये इंदूरच्या होळकरांनी त्यांना फौजेत घेतले. १९२६ साली मुंबईत एम. सी. सी. विरुद्ध त्यांनी १५३ धावा काढल्या, त्यांत ११ षटकार! तरी १९३२ च्या इंग्लंड दौऱ्यावर कर्णधार नेमले गेले पोरबंदरचे महाराज. महाराजांनी मात्र आपली कुवत ओळखली आणि लॉर्ड्सच्या कसोटीत नायडूंना पुढे केले. (आपल्या गावचे किती पुढारी असे करतील?) हाताला मार बसलेला असूनही पहिल्या डावात संघातर्फे सर्वाधिक ४० धावा नायडूंच्याच. सामना आपण हरलो. साठी ओलांडल्यावरही, १९५६-५७ च्या हंगामात, ते रणजी सामन्यात बॅट घेऊन उतरले होते.