धुराची खतावणी

व्यापारी कुटुंबात वाढलेल्या माणसास रोजमेळ आणि खतावणी यांतील भेद शिकवावा लागत नाही. व्यवहार ज्या दिवशी घडला त्या दिवशी रोजमेळात उतरतो. पुढे तो कोणत्या खात्यावर चालत राहिला हे खतावणी सांगते. बँकेत व्हाउचरे तपासण्यात माझी हयात गेली. तरीही रुग्णालयाच्या कागदांतही हाच भेद असतो, हे निवृत्तीनंतर कळले, आणि तेही घरच्या प्रसंगातून.

आमच्या नात्यातील एका कापड व्यापाऱ्यांच्या गोदामास रात्री आग लागली. हिशेबाच्या वह्या काढण्यासाठी ते आत शिरले आणि दहा-बारा मिनिटे धुरात अडकले. अंगावर भाजल्याची एकही खूण नव्हती. दोन रात्री रुग्णालयात काढून ते घरी आले, तेव्हा थोडक्यात निभावले असेच सर्वांना वाटले. आठ महिन्यांनी त्यांना दुकानाचा जिना चढवेना. तीन दिवस पुन्हा दाखल व्हावे लागले आणि एकूण अकरा आठवडे पेढीवर बसता आले नाही.

गोदामातील धूर हा चुलीच्या धुरासारखा नसतो. रेशीम, लोकर, नायलॉन यांत नायट्रोजन असल्याने ते जळताना हायड्रोजन सायनाइड वायू निर्माण होऊ शकतो. वायरींचे पीव्हीसी आवरण जळले की हायड्रोजन क्लोराइड बाहेर पडतो आणि श्वासनलिकेतील ओलाव्यात त्याचे आम्ल बनते. कार्बन मोनॉक्साइड रक्तातील हिमोग्लोबिनला प्राणवायूच्या दोनशेहून अधिक पट घट्ट चिकटतो. रुग्ण पूर्ण बरा झाला असे वाटल्यावर काही दिवसांनी वा आठवड्यांनी विस्मरण, चालताना अडखळणे, स्वभाव पालटणे अशी लक्षणे दिसतात, ती याच वायूची देणगी. तेव्हा ‘भाजले नाही ना, मग झाले’ हे घरोघरी ऐकू येणारे वाक्य किती अपुरे आहे, ते ध्यानी यावे.

आमच्या नातलगांचा व्यक्तिगत अपघात विमा होता. अपघातामुळे काम करता न आल्यास आठवड्यागणिक भरपाई देण्याची त्यात तरतूद होती. कंपनीने दावा नाकारला. कारण एका ओळीचे : दमा हा आजार आहे, अपघात नव्हे. मी कागद पाहिले. दुसऱ्या वेळच्या डिस्चार्ज कार्डावर ‘जे ४५.९’ एवढाच संकेतांक होता, म्हणजे नुसता दमा. आगीचा उल्लेखच नाही. व्हाउचरवर रक्कम आहे आणि तपशील कोरा, अशी ती स्थिती होती. असे व्हाउचर मी स्वतःही परतच पाठविले असते.

हे संकेतांक जागतिक आरोग्य संघटनेच्या रोगवर्गीकरणातले, ज्यास ‘आयसीडी’ म्हणतात. त्याचे मूळ १८९३ साली फ्रान्सच्या बर्टिलाँ यांनी मांडलेल्या मृत्युकारणांच्या यादीत आहे. अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून अमलात आली असली, तरी आपल्याकडील आरोग्य विम्याच्या दाव्याच्या फॉर्ममध्ये, रुग्णालयाने भरावयाच्या ‘भाग ब’ मध्ये, रकाना दहाव्या आवृत्तीचाच आहे.

या दहाव्या आवृत्तीत मागाहून उरलेल्या परिणामांसाठी स्वतंत्र खाती आहेत. आज रुग्णास जे होत आहे ते प्रथम लिहावयाचे. वायू वा धुरामुळे जडलेल्या श्वसनाच्या जुनाट विकारास ‘जे ६८.४’ आहे. त्याच्या जोडीस ‘टी ९७’, म्हणजे पूर्वीच्या विषारी पदार्थाच्या बाधेचा उत्तरपरिणाम. आणि मूळ कारण सांगण्यासाठी ‘वाय ८६’, म्हणजे पूर्वीच्या अपघाताचा उत्तरपरिणाम. प्रत्यक्ष आगीच्या दिवशीची नोंद निराळी असते. इमारतीतील आगीस ‘एक्स ००’ आहे. तो झाला रोजमेळ.

उत्तरपरिणाम केव्हा म्हणावयाचे? मूळ इजेनंतर एक वर्ष वा अधिक काळ जे टिकले ते, किंवा डॉक्टरांनी स्वतः तसे नमूद केले असेल ते. आमच्या बाबतीत आठच महिने झाले होते, म्हणून डॉक्टरांचा शब्द निर्णायक होता. अमेरिकेने २०१५ पासून वापरात आणलेल्या आपल्या आवृत्तीत अशी कालमर्यादा नाही. तेथे मूळ इजेच्याच संकेतांकाच्या शेवटी ‘एस’ हे अक्षर जोडतात. मला ती पद्धत अधिक सुटसुटीत वाटली, कारण नवे खाते न उघडता जुन्याच खात्यावर नोंद पडते.

येथे एक गोष्ट स्पष्ट लिहितो. दावा मिळावा म्हणून संकेतांक बदलून मागणे ही लबाडी आहे, आणि ती मी सुचवीत नाही. आम्ही डॉक्टरांकडे गेलो ते पहिल्या दाखल्याचे कागद आणि अग्निशमन दलाचा दाखला घेऊन. हा दमा पूर्वीचा आहे की त्या रात्रीचा, एवढेच विचारले. त्यांनी श्वसनक्षमतेची चाचणी करविली, आगीपूर्वी दम्याचे औषध कधी घेतले होते का ते पाहिले, आणि मग सुधारित प्रमाणपत्र दिले. पहिल्या वेळी आगीची गोष्ट त्यांना कोणी सांगितलीच नव्हती, असे ते म्हणाले. ते खरेच होते. खोकला दाखविताना आठ महिन्यांपूर्वीची रात्र कोणास आठवते?

त्या प्रमाणपत्रासह कंपनीच्या तक्रार निवारण विभागाकडे अर्ज केला. तेथून महिनाभरात उत्तर न आल्यास, किंवा आलेले उत्तर पटले नाही तर एका वर्षाच्या आत विमा लोकपालांकडे जाता येते. आपल्या राज्यात त्यांची कार्यालये मुंबई, ठाणे व पुणे येथे आहेत. शुल्क नाही, वकीलही लागत नाही. आम्हांस तेथवर जावे लागले नाही. कंपनीने नऊ आठवड्यांची भरपाई दिली. उरलेल्या दोन आठवड्यांचे ओपीडीचे कागद घरात कोठेच सापडले नाहीत.