गोंड्याचा रंग आणि पलटणीची रचना

नेपोलियनच्या पायदळाचा गणवेश मिरवण्यासाठी असावा, असे चित्रे पाहून वाटते. पण काळ्या दारूच्या धुरात दहा पावलांपलीकडचे दिसेनासे होई, तेव्हा सैनिकाला आपली तुकडी रंगावरूनच शोधावी लागे.

18 फेब्रुवारी 1808 च्या हुकमाने फ्रेंच बटालियनमध्ये सहा कंपन्या आल्या. कागदावर प्रत्येकीत 140 माणसे, म्हणजे एकूण 840. लढाईच्या मैदानात हा आकडा क्वचितच भरे. चार कंपन्या साध्या फ्युझिलियरांच्या. त्यांच्या टोपीवरचा गोंडा पहिलीचा गर्द हिरवा, दुसरीचा आकाशी, तिसरीचा नारिंगी, चौथीचा जांभळा. उरलेल्या दोन निवडक. उंच, मुरलेले ग्रेनेडियर रांगेच्या उजव्या टोकाला उभे राहत. त्यांच्या खांद्यावर लाल झालरी असत. डाव्या टोकाला व्होल्टिजर: बुटके, चपळ, पुढे पांगून नेम धरणारे. एरवी उंची कमी म्हणून मागे पडणाऱ्या माणसाला इथे मानाची जागा मिळाली. मला या रचनेतली ही सर्वांत शहाणपणाची गोष्ट वाटते.

कोटाचा निळा रंग मात्र समुद्रावर अवलंबून होता. ब्रिटिश आरमारामुळे नीळ मिळेना, म्हणून 1806 मध्ये पायदळाला पांढरे कोट द्यायचे ठरले. काही रेजिमेंटांनी ते घातलेही. पांढऱ्यावर चिखल लपत नाही आणि रक्तही लपत नाही. लवकरच निळा कोट परत आला.